तेरा जणांत एक गाय : प्लिमथ पटक्सेट संग्रहालयातील एक दिवस

प्लिमथच्या इंग्रज वसाहतीत शिरल्यावर माझ्या वडिलांनी विचारलेला पहिला प्रश्न धर्माविषयी नव्हता, गायीविषयी होता. कुंपणापलीकडे रवंथ करीत बसलेल्या तांबड्या गायीकडे बोट दाखवून त्यांनी "ही कुणाची?" असे विचारले. मी प्रश्न इंग्रजीत सांगितला, तेव्हा जाड लोकरी कोट आणि गुडघ्यापर्यंतची विजार घालून वाफ्यात कुदळ मारणाऱ्या गृहस्थांनी कंबर सरळ केली आणि सांगितले की ती तेरा जणांची आहे, आणि त्या तेरांत त्यांचे स्वतःचे, पत्नीचे आणि अजून दात न आलेल्या मुलाचेही नाव आहे. बाबांनी क्षणभर हिशेब केला आणि मला मराठीत म्हणाले, "म्हणजे दुधापेक्षा भांडण जास्त." नगर जिल्ह्यातल्या कोरडवाहू गावात वाढलेल्या माणसाला अमेरिकेच्या आरंभकाळात शिरण्यासाठी या गायीइतकी सोपी वाट दुसरी मिळाली नसती. हे संग्रहालय पाहावे असे मला ज्या कारणासाठी वाटते, ते कारणही या उत्तरातच आले.

प्लिमथ पटक्सेट हे मॅसॅच्युसेट्स राज्यात, बॉस्टनच्या दक्षिणेला सुमारे ६५ किलोमीटरवर असलेले खुले संग्रहालय. १९४७ साली त्याची स्थापना झाली. त्याच्या जुन्या नावात केवळ इंग्रजांच्या वसाहतीचा उल्लेख होता. २०२० मध्ये ते बदलून, वाम्पनोग या तिथल्या मूळ रहिवासी लोकांनी त्या जागेला दिलेले नाव, म्हणजे पटक्सेट, त्याला जोडण्यात आले. ईल नदीच्या काठावर, मूळ वसाहतीच्या जागेपासून थोडे दक्षिणेला, सतराव्या शतकातील इंग्रज गाव पुन्हा उभारलेले आहे. त्याच्या जवळच वाम्पनोग लोकांची वस्ती आहे, आणि प्लिमथ शहराच्या मध्यभागी ‘मेफ्लॉवर २’ हे जहाज व पाण्यावर चालणारी पिठाची गिरणी हे संग्रहालयाचे आणखी दोन भाग आहेत. काचेच्या कपाटातल्या वस्तू आणि त्यांखालच्या चिठ्ठ्या पाहण्याची ही जागा नव्हे. गावातली माणसे सतराव्या शतकातच राहतात, त्याच काळाच्या इंग्रजीत बोलतात, आणि त्यानंतरचे काहीही त्यांना ठाऊक नसते.

येथे आधी एक घोळ निस्तरायला हवा, कारण तो मनात घेऊनच बहुतेक लोक येतात. मराठीत ‘प्युरिटन’ हा शब्द आपण सोवळ्या, हसण्याचे वावडे असलेल्या माणसाला चिकटवतो आणि अमेरिकेत आलेले पहिले सगळे इंग्रज एकाच मापाने मोजतो. प्रत्यक्षात १६२० साली मेफ्लॉवर जहाजातून आलेल्या १०२ प्रवाशांपैकी धर्मासाठी आलेले लोक हे प्युरिटनांतलेही टोकाचे, म्हणजे इंग्लंडचे चर्च सुधारण्याची आशा सोडून त्यातून सरळ बाहेर पडलेले होते, आणि उरलेले बरेच जण पोटापाण्यासाठी निघालेले साधे लोक होते. जॉन विन्थ्रॉप यांच्या नेतृत्वाखाली बॉस्टन वसवणारा मोठा जथा आला तो दहा वर्षांनी, १६३० मध्ये, म्हणजे आपल्याकडे शिवनेरीवर शिवरायांचा जन्म झाला त्या साली. त्यांच्याजवळ राजाची सनद होती, पैसा होता, अकरा जहाजे होती, आणि चर्चपासून आपण फुटलेलो नाही असे ते निदान तोंडाने तरी म्हणत. प्लिमथच्या लोकांजवळ यांतले काहीच नव्हते. होते ते कर्ज. १६९१ च्या नव्या सनदेने प्लिमथ अखेर मॅसॅच्युसेट्समध्ये विलीन झाले.

या कर्जामुळेच संग्रहालयाने निवडलेले साल मला फार विचारपूर्वक निवडलेले वाटते. गावाची आखणी १६२० च्या दशकातली आहे, आणि तिचा मुख्य आधार १६२७ हे वर्ष आहे. लंडनच्या व्यापाऱ्यांनी या लोकांना भांडवल दिले होते ते सात वर्षांच्या कराराने. तोपर्यंत जमीन, घरे, जनावरे सारे सामाईक राहायचे आणि नफा लंडनला जायचा. नफा काही झाला नाही. १६२१ साली ‘फॉर्च्युन’ जहाजातून पाठवलेला पहिलाच भरघोस माल फ्रेंचांनी समुद्रात लुटला. सामाईक शेतीत कुणी मनापासून राबेना म्हणून १६२३ मध्ये गव्हर्नर विल्यम ब्रॅडफर्ड यांनी घरटी जमीन पेरायला वाटून दिली, आणि शेवटी वसाहतीतल्या आठ पुढाऱ्यांनी लंडनच्या चार मित्रांना सोबत घेऊन १,८०० पौंडांचे देणे आपल्या डोक्यावर घेतले. मोबदल्यात काही वर्षांसाठी कातड्यांच्या व्यापाराचा मक्ता त्यांना मिळाला. ते कर्ज फिटायला वीस वर्षे लागली, आणि ते फिटले मुख्यतः बीव्हर नावाच्या प्राण्याच्या कातड्यांवर.

याच साली, १६२७ च्या मे महिन्यात, जनावरांची वाटणी झाली आणि तिची यादी आजही उपलब्ध आहे. वसाहतीतल्या १५६ माणसांचे, तान्ह्या बाळांसकट, तेरा तेरांचे बारा गट पाडले गेले आणि प्रत्येक गटाच्या वाट्याला मुख्यतः एखादी गाय किंवा कालवड आणि शेळ्या आल्या. कोणती गाय कोणत्या जहाजातून आली, तिचा रंग कोणता, हेही त्या यादीत नोंदलेले आहे. मूळ जनावर दहा वर्षे सांभाळायचे आणि वाढीतला निम्मा हिस्सा सामाईक ठेवायचा, असा तो ठराव. हे ऐकताच बाबा म्हणाले, "अर्धलीनं पाळायला दिल्यासारखं." मी तो शब्द इंग्रजीत कसाबसा समजावून सांगितला तेव्हा कुदळवाल्या गृहस्थांनी इतक्या समाधानाने मान डोलावली की अभिनय कुठे संपला आणि माणूस कुठे सुरू झाला, हे मला कळले नाही.

येथील माणसांचे काम हेच या संग्रहालयाचे सर्वांत मोठे बळ आहे. ती भाषण ठोकत नाहीत. आपण घरात डोकावलो तर भांडे ढवळता ढवळता, शेळी बांधता बांधता, जे विचारू त्याचे उत्तर देतात, आणि विचारले नाही तर आपल्या कामात राहतात. घरे एका खोलीची, मातीच्या जमिनीची, छपरावर गवताचा पेंढा. चुलीचा धूर डोळ्यांत जातो आणि कपड्यांना घरापर्यंत वास येतो. एका घरात मक्याच्या भरड्याची पेज शिजत होती. ती ढवळणाऱ्या बाईंनी मला सांगितले की इथले लोक काळे कपडे घालून फिरतात हा समज चुकीचा आहे. काळा रंग महाग, तो सणावाराला. एरवी तपकिरी, मातकट, निळे, हिरवे. मुलांना आवडेल असे काम, ओढायला दोर, उचलायला लाकूड, सर्वत्र आहे. मात्र ज्याला प्रश्न विचारायला संकोच वाटतो त्याच्यासाठी हे गाव मुके राहते. भारतातून आलेल्या वडीलधाऱ्यांबरोबर जाणाऱ्यांनी दुभाष्याचे काम मनावर घ्यावे, नाहीतर त्यांच्या वाट्याला फक्त झोपड्या येतात.

पुढारी म्हणवणारी माणसे या गावात वेगळी दिसत नाहीत, हे मला फार आवडले. ब्रॅडफर्ड यांचे घर इतरांच्या घरांसारखेच आहे. हा माणूस यॉर्कशरमधल्या ऑस्टरफील्डचा, लहानपणी पोरका झालेला, हॉलंडमधल्या लायडनला विणकाम करून पोट भरलेला. मेफ्लॉवर किनाऱ्याला लागल्यावर डिसेंबर १६२० मध्ये त्यांची पत्नी डोरोथी जहाजावरून समुद्रात पडून मरण पावली. त्या हिवाळ्याने जवळजवळ निम्मी माणसे नेली. पहिले गव्हर्नर जॉन कार्व्हर वसंतात गेले, आणि एकतिशीतल्या ब्रॅडफर्ड यांच्यावर वसाहत येऊन पडली. त्यानंतर दरवर्षी मतदान व्हायचे आणि जवळजवळ दरवर्षी लोक त्यांनाच निवडायचे. वसाहतीची जी बखर त्यांनी स्वतःच्या हाताने लिहून ठेवली, ती पुढे हरवली, एकोणिसाव्या शतकात लंडनच्या बिशपच्या ग्रंथालयात सापडली आणि १८९७ साली मॅसॅच्युसेट्सला परत मिळाली. ज्या बिशपांच्या जाचाला कंटाळून ही मंडळी पळाली, त्यांच्याच फडताळात त्यांचा इतिहास सुखरूप राहिला, याची गंमत वाटल्याशिवाय राहत नाही.

धर्माच्या बाबतीत येथे मला सर्वांत रस वाटला तो विल्यम ब्रूस्टर यांच्याविषयी. या मंडळीचे पाळक, म्हणजे धर्मगुरू, जॉन रॉबिन्सन लायडनलाच मागे राहिले आणि १६२५ मध्ये तिथेच वारले. त्यामुळे १६२७ च्या या गावात दीक्षित पाळकच नाही. बाप्तिस्मा नाही, प्रभुभोजन नाही. मंडळीचे ‘वडील’, म्हणजे निवडलेले ज्येष्ठ, म्हणून ब्रूस्टर रविवारी उपदेश करतात, तेवढेच. फिअर, लव्ह, पेशन्स आणि रेसलिंग, म्हणजे भय, प्रीती, धीर आणि झुंज, अशी आपल्या मुलांची नावे ठेवणारा हा माणूस. मृत्यूसमयी त्यांच्याजवळ सुमारे चारशे पुस्तके होती. बिशप नको, मंडळीने आपला पाळक आणि आपले वडील स्वतः निवडावेत, ही यांची मूळ कल्पना. ती ऐकताना बाबांना नगरची आठवण झाली, आणि ती आठवण अगदीच दूरची नव्हती. याच विचाराच्या काँग्रिगेशनल मंडळ्यांनी १८१० साली मॅसॅच्युसेट्समध्ये मिशन स्थापन केले, १८१३ मध्ये गॉर्डन हॉल आणि त्यांचे सहकारी मुंबईत उतरले, १८३१ मध्ये अहमदनगरला काम सुरू झाले आणि १८४२ पासून ‘ज्ञानोदय’ निघू लागला. सिंथिया फॅरार यांच्या ज्या मुलींच्या शाळा पाहून जोतीराव फुले प्रभावित झाले, त्या याच अमेरिकन मिशनच्या. बाबा स्वतः ख्रिस्ती नाहीत, पण मिशनच्या शाळेत शिकलेले आहेत. "पाळक निवडणुकीवरून आमच्याकडे केवढ्या बैठका व्हायच्या," असे ते म्हणाले, तेव्हा ब्रूस्टर यांच्या घराच्या उंबऱ्यावर मला एकदम नगरचे चर्चचे आवार दिसले.

गावाच्या वरच्या टोकाला किल्ला आहे, म्हणजे खरे तर एक चौकोनी, सपाट माथ्याची लाकडी इमारत. वर सहा तोफा आणि खाली उपासनेची बाके. १६२७ मध्येच न्यू नेदरलंड या डच वसाहतीतून आलेल्या आयझॅक द रासिएर या डच अधिकाऱ्याने या इमारतीचे आणि रविवारच्या मिरवणुकीचे वर्णन लिहून ठेवले आहे: नगारा वाजला की माणसे बंदुका घेऊन कॅप्टनच्या दारासमोर जमायची, तिघे तिघे ओळीने टेकडी चढायची, मागून लांब झगा घातलेले गव्हर्नर, त्यांच्या उजवीकडे उपदेशक, डावीकडे कॅप्टन. हे कॅप्टन म्हणजे माइल्स स्टँडिश, बुटके आणि तापट. शत्रूंनी त्यांना ‘कॅप्टन झिंगा’ असे नाव ठेवले होते.

किल्ल्यात मात्र थोडा अधिक वेळ थांबावे आणि स्टँडिश यांच्याविषयी विचारावे, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे. १६२३ च्या वसंतात वेसागसेट येथे स्टँडिश यांनी हल्ल्याच्या संशयावरून काही मूळ रहिवाशांना बंद खोलीत ठार मारले आणि विटुवामाट या योद्ध्याचे डोके आणून याच किल्ल्यावर टांगले. ज्या छपराखाली स्तोत्रे गायली जात, त्याच्याच माथ्यावर. लायडनहून रॉबिन्सन यांनी कळवळून लिहिले की कुणाला मारण्याआधी तुम्ही काहींचे धर्मांतर केले असते तर किती बरे झाले असते. मी विचारले तेव्हा पहाऱ्यावरच्या माणसाने हा सगळा प्रकार मुळीच न लाजता, वेळीच केलेला बंदोबस्त म्हणून सांगितला. ऐकताना अंगावर काटा आला. आजचा मार्गदर्शक असता तर त्याने खेद व्यक्त केला असता आणि आपण निश्चिंत होऊन पुढे गेलो असतो.

पण याच पद्धतीची मर्यादाही येथेच आहे, आणि माझी खरी तक्रार, तक्रार म्हणण्यापेक्षा रुखरुख, तीच आहे. एका सालात गोठवलेले गाव त्या सालानंतरचे काही सांगू शकत नाही. १६३७ मध्ये पीक्वॉट या दुसऱ्या मूळ रहिवासी लोकांचे मिस्टिक येथील गाव इंग्रजांनी बायकामुलांसकट जाळले. प्लिमथची माणसे तिथे नव्हती, पण ब्रॅडफर्ड यांनी आपल्या बखरीत ते देवाने दिलेले यश म्हणूनच नोंदवले. ज्या औसामेक्विन या वाम्पनोग प्रमुखाने १६२१ च्या मार्चमध्ये तह करून या उपाशी लोकांना जगू दिले, त्याच्याच मुलाशी, मेटाकॉमशी, पुढच्या पिढीने १६७५-७६ मध्ये युद्ध केले आणि त्याचे डोके प्लिमथमध्ये खांबावर कित्येक वर्षे राहू दिले. शेळ्यांच्या कुंपणाशी उभे राहून हे दिसत नाही. दिसतात ती कर्जबाजारी, कष्टाळू, कुडकुडणारी माणसे, आणि त्यांच्याविषयी माया वाटते.

ती माया जागेवर आणायला वाम्पनोग वस्ती आहे, म्हणून माझा सल्ला असा की आधी तिकडे जावे आणि मग इंग्रज गावात. येथील कर्मचारी मूळ रहिवासी समाजांतलेच आहेत. पोशाख जुना असला तरी ते कोणतीही भूमिका करीत नाहीत, आज जिवंत असलेली माणसे म्हणून आजच्या भाषेत बोलतात. झाडाच्या सालीने आच्छादलेल्या लांबट घरात बसायला मिळते. बाहेर एका प्रचंड ओंडक्यात निखारे ठेवून होडी कोरण्याचे काम चालू होते: जाळायचे, खरवडायचे, पुन्हा जाळायचे. पटक्सेट हे गाव १६१६ ते १६१९ च्या साथीत जवळजवळ संपूर्ण नष्ट झाले आणि त्याच मोकळ्या झालेल्या शेतांवर इंग्रजांनी घरे बांधली, हे तिथल्या बाईंनी आवाज न चढवता सांगितले. टिस्क्वांटम हा त्या गावचा. १६१४ मध्ये त्याला पळवून स्पेनमध्ये विकले गेले, तो इंग्लंडमार्गे १६१९ मध्ये परतला, तोवर गावात कुणी उरले नव्हते. पाहुण्यांना मका पेरायला शिकवणारा दयाळू ‘स्क्वांटो’ म्हणून शाळेच्या पुस्तकांत येतो तो हाच. १९७० पासून थँक्सगिव्हिंगच्या, म्हणजे नोव्हेंबरातल्या अमेरिकन सणाच्या, दिवशी प्लिमथच्या कोल्स हिलवर मूळ रहिवासी शोकदिन पाळतात, हे ही वस्ती पाहिल्यानंतर वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

‘मेफ्लॉवर २’ हे १९५७ साली इंग्लंडहून अटलांटिक ओलांडून आलेले, अलीकडेच संपूर्ण दुरुस्त केलेले जहाज. मधल्या मजल्यावर वाकून चालताना १०२ माणसांचे दोन महिने कसे गेले असतील याची कल्पना पाठीला येते. गिरणी छान आहे, अर्ध्या तासाची. मेफ्लॉवरची माणसे ज्यावर पहिले पाऊल ठेवून उतरली असे सांगतात, त्या जवळच्या प्रसिद्ध प्लिमथ खडकासाठी मात्र वेगळी चक्कर मारू नये. तो संग्रहालयाचा भाग नाही. भव्य दगडी मंडपाखाली खड्ड्यात पडलेला, १६२० हा आकडा कोरलेला एक मध्यम धोंडा आहे, आणि ब्रॅडफर्ड यांनी त्याचा कुठे उल्लेखही केलेला नाही. बाबांनी वाकून पाहिले आणि "शेंदूर लावायचा राहिला," एवढेच म्हणाले.

व्यवहाराचे थोडे. दोन वर्षांपूर्वी मी येथे बॉस्टनहून एका बस-सहल कंपनीबरोबर आलो होतो. त्यांनी गावासाठी जेमतेम तास दिला, आणि तो तास छायाचित्रांत गेला. तसे करू नये. स्वतःच्या वाहनाने यावे, सकाळी उघडताच आत शिरावे आणि गाव व वस्ती यांनाच निदान चार तास द्यावेत. थँक्सगिव्हिंगनंतर वसंतापर्यंत गाव बंद असते. पायवाटा मातीच्या आणि उताराच्या आहेत. गुडघे दुखणाऱ्यांनी किल्ल्याकडून खाली न येता खालून वर हळूहळू जावे. आणि खऱ्या विन्थ्रॉपकालीन प्युरिटनांसाठी आला असाल तर बॉस्टनलाच जावे, विन्थ्रॉप यांचे थडगे तिथे किंग्ज चॅपलच्या स्मशानात आहे. प्लिमथमध्ये ते भेटणार नाहीत.

निघताना बाबा पुन्हा त्या वाफ्यापाशी गेले. गृहस्थ अजून खणतच होते. "दहा वर्षांनी हिशेब करणार म्हणता, तर १६३७ साली वासरं कुणाच्या वाट्याला किती आली?" मी विचारून सांगितले. गृहस्थ हसले, हात कोटाला पुसले आणि म्हणाले की ते त्यांना कसे ठाऊक असणार, अजून तर १६२७ च चालू आहे. गाडीत बसेपर्यंत बाबा गप्प होते. मग त्यांनी विचारले, "तू मघाशी ते गाव जाळल्याचं सांगत होतास, ते कोणत्या साली?"